दिवा आत की बाहेर? : एका कल्पित काळसिद्धांताचं प्रकरण

हे प्रकरण एका विज्ञानकथेचं आणि तिच्यातल्या सिद्धांताचं आहे. सिद्धांत पूर्णपणे कल्पित: काळ म्हणजे कंपांची गणती, आणि एखाद्या जागेचे कंप मंदावले की तिथला काळही मंदावतो. कथा इंदूरमध्ये लिहिली गेली. राजेंद्रनगरातल्या आमच्या लहानशा वाचन मंडळात तिचं वाचन झालं आणि तिथेच एका साध्या प्रश्नाने ती मुळापासून हलली. लेखिकेची परवानगी घेऊन सगळी हकीकत इथे मांडतो आहे. मराठीत कल्पित विज्ञान लिहिणाऱ्याला सिद्धांत सुचतो, तो निभावणं मात्र जड जातं. इथे ते निभावणं कसं घडलं, हे मला अगदी जवळून पाहता आलं.

माणसं आधी सांगतो. लेखिका शाळेत गणित शिकवते; घरात आईकडून गाणं आलेलं. मंडळातले काका म्हणजे राजा रामण्णा प्रगत तंत्रज्ञान केंद्रात इंडस या इलेक्ट्रॉन कड्यात फिरवणाऱ्या यंत्रांवर उमेदीची सगळी वर्षं घालवलेले निवृत्त अभियंते. मावशी प्रसूतिगृहात परिचारिका होत्या. सर गाणं शिकवतात. मी कॉलेजात भौतिकशास्त्र शिकवत असे. बाकीचे आठ-दहा जण निव्वळ वाचनाच्या ओढीने येतात, आणि अशा प्रकरणात त्यांचं मत मला तज्ज्ञांइतकंच मोलाचं वाटतं.

घुमाळचं कंपमत

कथेतला प्रदेश आहे घुमाळ. उंच डोंगर, खोल दऱ्या, आणि प्रत्येक दरीचा एक स्वतःचा मूळ कंप. तिथल्या जमिनीत, पाण्यात, माणसांच्या रक्तात तोच कंप भिनलेला. घुमाळचे विद्वान त्याला कंपमत म्हणतात. त्यांचा पहिला नियम असा की काळ वाहत वगैरे नाही. कंप मोजले जातात, आणि ती मोजणी म्हणजेच काळ. दुसरा नियम: जो जिथे जाईल तो तिथल्या कंपाला लागतो. मंद दरीत गेलेला वाटसरू मंद होतो, त्याला ते जाणवत नाही, परत आल्यावर मात्र त्याची भावंडं त्याच्याहून म्हातारी झालेली असतात.

पहिला नियम ऐकल्याबरोबर मी लेखिकेला म्हटलं, हा तुमचा घुमाळ आपल्यापासून फार लांब नाही. आपल्याकडे १९६७ पासून सेकंदाची अधिकृत व्याख्याच कंपांची गणती आहे: सीझियम-१३३ अणूच्या ठरावीक प्रारणाचे ९,१९,२६,३१,७७० कंप झाले की एक सेकंद. मनगटावरच्या साध्या घड्याळातला क्वार्ट्‌झचा तुकडा सेकंदाला ३२,७६८ वेळा थरथरतो, आणि ती संख्या पंधरा वेळा निम्मी करत आणली की काटा एक घर पुढे सरकतो. आपली जुनी मोजणी तर श्वासावरच बेतलेली. सूर्यसिद्धांतात सहा प्राणांचं एक पळ, साठ पळांची एक घटिका, साठ घटिकांचा अहोरात्र. म्हणजे दिवसाचे २१,६०० प्राण, एकेक चार सेकंदांचा. लेखिकेने घुमाळसाठी हीच एककं घेतली आणि ती तिथे शोभून दिसली.

जागेगणिक काळ वेगळा, हेही इंदूरकराला समजावून द्यावं लागत नाही. भारतीय प्रमाणवेळ १९०६ पासूनची, आणि ती ८२.५ अंश रेखावृत्ताची. इंदूर आहे ७५.९ अंशांच्या आसपास. सूर्य आपल्या डोक्यावर येतो तेव्हा घड्याळात सरासरी बारा वाजून सव्वीस मिनिटं झालेली असतात. पंचावन्न किलोमीटरवरच्या उज्जैनच्या रेषेवरून एके काळी भारतभरच्या ज्योतिषांचे हिशेब चालत. अर्थात हे फरक घड्याळ कुठून लावायचं एवढ्यापुरतेच आहेत. घुमाळमधला फरक वय वाढण्याच्या वेगाचा आहे.

आता कथा. एक वृद्ध कंपमापी आणि त्याची नऊ वर्षांची नात. तिला जडलेल्या दुखण्यावर घुमाळमध्ये औषध नाही. ते घाटापलीकडून येणार, तांडा बारा वर्षांनी येतो, आणि मुलीच्या हातात दीड वर्षही नाही. आजोबा घराची एक खोली मंद करतात. भिंतींच्या पोटात ओली वाळू आणि शिसं ठासून जागेचा मूळ कंप इतका दाबतात की बाहेर बारा वर्षं सरली तर आत एकच सरावं. आणि मग बारा वर्षं रोज संध्याकाळी ते खिडकीशी बसून नातीशी गप्पा मारतात. ती मूलच राहते. आजोबा वाकत जातात.

वाचन संपलं तेव्हा दोघी-तिघींनी डोळे पुसले. कथा चांगली होती, यात शंका नव्हती.

काकांचा प्रश्न

काका बराच वेळ काही बोलले नाहीत. मग त्यांनी विचारलं, "ताई, त्या खोलीत दिवा कुठे आहे? आत की बाहेर?"

लेखिका म्हणाली, "आत. कोनाड्यात."

"मग आजोबांना ती दिसणार नाही."

या एका वाक्यावरून पुढे तीन बैठका चालल्या. काकांचं म्हणणं मी इथे जरा सविस्तर मांडतो, कारण सगळ्या प्रकरणाची कळ त्यात आहे.

खोलीचा उंबरठा डोळ्यांपुढे आणा. आतून बाहेर येणारा प्रकाश किंवा आवाज म्हणजे लाटांची रांग. उंबरठ्यावर एकही लाट हरवत नाही की नवी उपजत नाही. आत एका पळात जितक्या लाटा निघाल्या तितक्याच बाहेर पोचणार. फक्त आतलं एक पळ म्हणजे बाहेरची बारा पळं. तेव्हा त्याच लाटा बाहेरच्या माणसाला बारापट वेळात मिळणार. कंपसंख्या एक-बारांश. उलट दिशेने बारापट.

आता आकडे घाला. नऊ वर्षांच्या मुलीच्या बोलण्याची कंपसंख्या सेकंदाला २६० च्या आसपास धरा. बाहेर येताना ती २२ वर उतरते. माणसाचा कान साधारण २० पासून ऐकू लागतो, त्यामुळे नातीचं बोलणं आजोबांच्या कानी पडलंच तर ती भिंतीतली थरथर असेल. तिचं दोन सेकंदांचं "आबा, झोपले" यायला चोवीस सेकंद लागतील. आजोबांचा १३० कंपांचा आवाज आत १५६० होऊन चिवचिवाटासारखा पोचेल, आणि त्यांचं मिनिटभराचं बोलणं पाच सेकंदांत उरकलेलं असेल.

प्रकाशाची तर आणखी पंचाईत. आपल्या डोळ्यांना दिसणारा प्रकाश सेकंदाला सुमारे ४०० ते ७९० लाख कोटी कंपांचा. लाल टोकापासून जांभळ्या टोकापर्यंत जेमतेम दुप्पट. गाण्याच्या हिशेबात एक सप्तक. मानवी कान दहा सप्तकं ऐकतो, डोळा मात्र एकच पाहतो. त्यामुळे जागा नुसती निम्म्याने मंद असली तरी आतल्या दिव्याचा सगळा दृश्य प्रकाश बाहेर येताना अवरक्तात, म्हणजे डोळ्यांना न दिसणाऱ्या किरणांत, जातो. बारांशाची गोष्टच नको. आजोबा ज्या खिडकीशी बारा वर्षं बसले ती खिडकी अंधारी होती.

"मग दिवा बाहेर ठेवू," लेखिका म्हणाली.

काका याचीच वाट पाहत असावेत. दिवा बाहेर ठेवला तर त्याचा प्रकाश आत जाताना चढतो, मुलीवरून परावर्तित होतो आणि बाहेर येताना तितकाच उतरतो. आजोबांना ती नेहमीच्या रंगांत अगदी स्पष्ट दिसेल. पण तिच्यापाशी तो प्रकाश कसला म्हणून पोचतो? जागा निम्म्याने मंद असली तरी लाल प्रकाश अतिनील झालेला असतो, आणि हिरवा तर जंतू मारायच्या दिव्यातल्या किरणांच्या जवळपास. तिला तो दिसत नाही, कातडी आणि डोळे मात्र भाजतात. म्हणजे आजोबांनी तिच्याकडे पाहणं हेच तिला जाळणं.

मंडळात कुणी बोललं नाही. मग मावशी हळूच म्हणाल्या, "आयसीयूच्या काचेतून पाहू न देण्यातलाच प्रकार झाला हा."

कुणी काचेचा उपाय सुचवला. काच बरीचशी अतिनील किरणं अडवते हे खरं, पण अडलेला प्रकाश परत बाहेर येत नाही, मग आजोबांना दिसणार काय? उरतो तो एक लालसर पट्टा, आणि आत पोचेपर्यंत तोही अतिनीलच.

हे आपल्या जगात कुठे दिसतं

मंडळातल्या एकाने रास्त शंका काढली, की कल्पित जगाला आपले नियम का लावायचे? त्याचं उत्तर असं की लाटांच्या गणतीचा नियम काकांनी बाहेरून आणलेलाच नव्हता. "काळ म्हणजे कंपांची गणती" हे लेखिकेचं पहिलंच वाक्य. त्यातून तो आपोआप निघतो. आपल्याकडे तो तपासून झाला आहे एवढंच. १९६० साली पाउंड आणि रेब्का यांनी हार्वर्ड विद्यापीठातल्या २२.५ मीटर उंचीच्या मनोऱ्यात लोहाच्या अणूंपासून निघालेली गॅमा किरणं वरखाली पाठवून मोजली. जमिनीजवळ काळ तसूभर मंद, म्हणून तेवढ्या उंचीत हजार लाख कोटी कंपांमागे सुमारे अडीच कंपांचा फरक पडायला हवा होता. तो पडला. मोबाइलमधला नकाशा ज्या जीपीएस उपग्रहांवर चालतो त्यांची घड्याळं रोज सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात, म्हणून ती उडण्याआधीच तेवढ्या मंद गतीला लावलेली असतात.

पण काकांनी दिलेलं उदाहरण याहून जवळचं होतं, राजेंद्रनगरातून चालत जाण्याच्या अंतरावरचं. इंडस-२ हे १७२.५ मीटर परिघाचं कडं. त्यात अडीच अब्ज इलेक्ट्रॉन-व्होल्ट ऊर्जेचे इलेक्ट्रॉन सेकंदाला सतरा लाखांहून जास्त फेऱ्या मारतात. त्यांना दर फेरीला विद्युत्‌क्षेत्राचा धक्का मिळतो, आणि त्या क्षेत्राचे कंप सेकंदाला पन्नास कोटींच्या वर. जो इलेक्ट्रॉन त्या कंपाच्या ठेक्यात येतो तो टिकतो, थोडा पुढेमागे झालेला सावरून घेतला जातो, फारच चुकलेला भिंतीवर जाऊन संपतो. काका म्हणाले, "त्या वेगामुळे इलेक्ट्रॉनचं स्वतःचं घड्याळ आपल्यापेक्षा जवळजवळ चार हजार नऊशे पट मंद चालतं. आपण कंट्रोल रूममध्ये बसून एक तास काढला की त्याचा पाऊण सेकंदसुद्धा होत नाही. ताई, तुमची मंद खोली मी तीस वर्षं सांभाळली आहे."

हे मी शिकवताना वर्गात शेकडो वेळा फळ्यावर मांडलं असेल. त्या संध्याकाळी ते ज्या आवाजात ऐकलं तसं आधी कधी ऐकलं नव्हतं.

ताप

दुसऱ्या बैठकीत मावशींनी विचारलं, "पोरीला ताप येईल का?" त्यांच्या मनात आजारातला ताप होता. त्यावरून काका उष्णतेकडे वळले, आणि कथेचं दुसरं मोठं भगदाड उघडं पडलं.

उष्णताही कंपच. बाहेरच्या भिंतीची ऊब उंबरठा ओलांडताना प्रकाशासारखीच चढते. टोलमन आणि एहरेनफेस्ट यांनी १९३० साली दाखवून दिलं, की काळाचा वेग जागोजागी वेगळा असेल तर उष्णतेचा समतोल सगळीकडे सारख्या तापमानाला होत नाही. मंद जागेला जास्त तापमान लागतं, मंदपणाच्या प्रमाणातच. आपल्या जगात हा फरक नगण्य. घुमाळमध्ये तो जीवघेणा. बाहेर २७ अंश सेल्सियस म्हणजे ३०० केल्विन. खोली निम्म्याने मंद असेल तर ती ६०० केल्विनला, म्हणजे ३२७ अंशांना, जाऊन स्थिरावू पाहणार. बारांशाला ३६०० केल्विन. मुलीला जगवायला बांधलेली खोली भट्टी झाली.

इथे लेखिकेपुढे तीन वाटा होत्या. प्रकाश आणि उष्णता यांना कंपमतातून वगळायचं, ही पहिली. हिला माझा सक्त विरोध होता. सगळं विश्व कंपांचं म्हणायचं आणि जो सर्वांत उघड कंप त्यालाच सूट द्यायची, मग सिद्धांत कशाला हवा, जादूची कांडीच पुरे. उंबरठ्यावर बोलणं आणि दृश्य बदलून देणारं एखादं यंत्र बसवायचं, ही दुसरी. तिने पहिल्या खर्ड्यातल्या गप्पा तशाच परत मिळाल्या असत्या, आणि एवढा सगळा खटाटोप फुकट गेला असता. तिसरी वाट म्हणजे जे निघतं ते निमूट पत्करायचं आणि कथा त्याप्रमाणे बदलायची.

माझं ठाम मत असं आहे की कल्पित सिद्धांताला जीव येतो तो त्याच्या मनाईतून. सिद्धांत काय काय करू देतो हे कुणीही लिहील. लेखकाला जे सर्वांत हवंसं वाटतं तेच त्याचा सिद्धांत नाकारतो, आणि लेखक ते मान्य करतो, तेव्हा वाचकाला ते जग खरं वाटू लागतं. इथे लेखिकेला सर्वांत हवी होती ती खिडकीतली संध्याकाळ, आणि कंपमताने नेमकी तीच काढून घेतली.

लेखिकेने तिसरी वाट धरली. त्यासाठी तिला दोन महिने लागले.

निम्मं

पहिला बदल प्रमाणाचा. बाराच्या जागी दोन. तांडा सहा वर्षांनी येतो, मुलीच्या हातात साडेतीन वर्षं आहेत. आत तीन गेली की पुरे. हे सुचवलं सरांनी, आणि तेही गाण्याच्या अंगाने. ते म्हणाले, बाराने भागलंत तर आतला षड्ज बाहेर चार सप्तकं खाली मध्यम होऊन निघतो. दोघांचा सा कधी जुळायचाच नाही. दोनाने भागा, सा चा सा राहतो.

त्यातून काय निघालं ते पाहा. मुलीचा आवाज २६० चा, आजोबांचा १३० चा. निम्म्या मंद खोलीतून नातीचं बोलणं बाहेर येतं ते १३० ला, आजोबांच्याच पट्टीत. आजोबांचं बोलणं आत पोचतं २६० ला, तिच्या पट्टीत. दोघांनाही समोरचा आपल्याच आवाजात बोलताना ऐकू येतो. हे लेखिकेने योजलं नव्हतं. भागाकारातून ते समोर आलं आणि कथेतला सर्वांत हृद्य प्रसंग त्यावर उभा राहिला.

गाण्याचंही तसंच. आजोबांनी नेहमीच्या लयीत बंदिश म्हटली तर आत ती दुप्पट लयीत, वरच्या सप्तकात पोचते. म्हणून ते निम्म्या लयीत गाऊ लागतात. तिला ती मध्य लयीत ऐकू येते, ती तिच्या लयीत साथ करते, आणि तिची साथ बाहेर येते ती निम्म्या लयीत, मंद्रात, आजोबांच्या समेवर. सरांनी इथे इंदूरच्या उस्ताद अमीर खाँसाहेबांचा अतिविलंबित झूमरा ताल काढला. चौदा मात्रांचं ते आवर्तन इतकं संथ चालतं की दोन मात्रांमध्ये नवखा ऐकणारा हरवतो. तबलजी मात्र मात्रेच्या पोटातले बोल भरत राहतो आणि गणती सुटू देत नाही. आजोबांनी सहा वर्षं नेमकं हेच केलं असणार, असं सर म्हणाले. लेखिकेने ते शब्दशः कथेत घेतलं नाही, पण आजोबांना गाताना बोटांनी मात्रा मोजायला लावलं.

खोली मंद करतानाचा प्रसंगही नव्याने लिहिला गेला. घुमाळचे कंपमापी जोडतार वापरतात: एकाच जातीच्या, एकाच ताणाच्या दोन तारा, दोन्ही २०० कंपांना मिळवलेल्या, एक उंबरठ्याच्या आत आणि एक बाहेर. दोन्ही छेडून आजोबा बाहेर कान देऊन बसतात. सुरुवातीला आवाज एकसंध. पहिली वाळू ठासल्यावर तो दहा सेकंदांत एकदा डोलू लागतो. म्हणजे आतली तार दोन हजारांत एका भागाने मागे पडली. आणखी शिसं, आणखी वाळू. डोल सेकंदाला एक, मग चार. पुढे डोल मोजता येईनासे होतात आणि नुसती खरखर उरते. मग खरखर निवळून दोन वेगळे सूर ऐकू येतात, आतला उतरत जाणारा. तो खालच्या षड्जाला टेकतो आणि आजोबा थापी खाली ठेवतात. तंबोरा मिळवलेल्या कुणालाही हे वाचताना तारा जुळतानाचा डोल आठवेल.

उष्णतेवर उपाय बर्फ. दुसऱ्या नियमाप्रमाणे हाताने आत नेलेली वस्तू तिथल्या कंपाला लागते, त्यामुळे बर्फ आत बर्फच राहतो. मोकळी उष्णता तेवढी चढते. म्हणून भिंती जाड, दार क्वचित उघडायचं, आणि दिवसाआड डोंगरावरून बर्फ आणून आत रचायचा. आजोबांची सहा वर्षं यातच जातात. आत घालवलेल्या प्रत्येक तासाला बाहेर दोन तास सरतात, आणि त्या दोन तासांत बर्फ आणायला कुणी नसतं. म्हणून ते नातीजवळ बसत नाहीत. जेवणाचा हिशेब मावशींनी करून दिला: बाहेरच्या दोन दिवसांना तिचा एक दिवस, तेवढंच अन्न.

आणि दिवा. नव्या खर्ड्यात आजोबा अंधारात बसतात. शेजारी चुलीवरून उतरवलेला जाड लोखंडी तवा, साधारण ६०० केल्विनचा, म्हणजे सव्वातीनशे अंशांच्या घरातला. त्यांना तो काळाच दिसतो, फक्त धग लागते. पण उंबरठ्यापलीकडे ती धग दुप्पट चढते आणि मुलीला तवा १२०० केल्विनच्या लोखंडासारखा नारिंगी तळपताना दिसतो, त्या उजेडात आजोबांचा चेहराही. अर्ध्या पळापुरती फट उघडायची, जास्त नाही, नाहीतर खोली तापेल. ती पाहते. आजोबांना समोर काळोखच दिसतो. तिच्यावरून परतलेली ऊब किंचित गालाला लागते, ती तव्याची की तिच्याकडून आलेली हे त्यांना सांगता येत नाही.

दोन दिव्यांपैकी एकाची निवड करायची होती: आजोबांना दिसेल असा, की नातीला दिसेल असा. पहिल्या खर्ड्यात हा प्रश्नच नव्हता. आता कथेचा कणाच तो झाला.

एक सूट

एका ठिकाणी मात्र कंपमत मोडतं, आणि ते लपवावं असं कुणालाच वाटलं नाही. आपल्या जगात काळाच्या वेगातला फरक आणि वजन या एकाच गोष्टीच्या दोन बाजू आहेत. एक मीटर वर ठेवलेलं घड्याळ जवळपास तीस कोटी वर्षांत एक सेकंद पुढे जाईल; फरक एवढासा, पण हातातून सुटलेला पेला जमिनीकडे जातो तो त्याच फरकामुळे. मग उंबरठ्याच्या एका वितीत काळ निम्मा होत असेल तर आजोबा, तवा आणि अर्धं गाव त्या खोलीत ओढलं जाऊन चिरडलं जाईल. काका यावर अडून बसले, आणि त्यांचं बरोबर होतं.

लेखिकेने ही एक सूट घेतली. पण ती घुमाळच्या लोकांना दिसते. उंबरठ्यावर धरलेली समईची ज्योत आत झुकते, पाण्याचा थेंब किंचित तिरका पडतो. ओढ आहे, पण गणिताने असायला हवी त्याच्या मानाने काहीच नाही, आणि ती एवढी क्षीण का यावर तिथल्या विद्वानांचे दोन तट आहेत. आजोबा त्यातल्या एका तटाचे. तरुणपणी त्यांनी यावर पोथी लिहिलेली आणि ती हसण्यावारी गेलेली. काकांनी हे मान्य केलं. सूट एकच असावी, आणि ती त्या जगातल्या माणसांना कोडं म्हणून छळत असावी, या अटीवर मीही. दोन सुटी झाल्या की वाचकाचा हात सुटतो.

मावशींना ही चर्चा लांबली असं वाटलं. त्यांचं लक्ष दुसरीकडे होतं.

पुढे

कथा पहिल्या खर्ड्याच्या दीडपट झाली. दिवाळी अंकाची शब्दमर्यादा ओलांडली म्हणून जोडताराचा प्रसंग छापताना निम्मा कापला गेला; लेखिकेने तवा आणि फट यांना हात लावू दिला नाही, हे तिने योग्य केलं. वाचकांची पत्रं आली त्यांत सिद्धांताबद्दल कुणी अवाक्षर काढलं नाही. विचारलं ते असं: तिने आजोबांना सांगितलं का, की तुम्ही मला दिसता? छापील कथेत याचं उत्तर आहे, पण ते एका ओळीत आणि तिच्या उतरलेल्या, आजोबांच्या पट्टीतल्या आवाजात. घाईत वाचणाऱ्याला ती ओळ आजोबांच्याच तोंडची वाटते. पुढच्या आवृत्तीत तिथे "नात म्हणाली" घालावं असं सरांचं मत आहे. मला ते तसंच राहावंसं वाटतं. लेखिकेचं अजून ठरत नाही.

मावशींचा प्रश्न मात्र शिल्लक आहे. मुलगी बाहेर येते तेव्हा बारा वर्षांची असते आणि तिच्या बरोबरीची मुलं पंधरा वर्षांची. घुमाळमध्ये वारसा थोरल्याकडे जातो. तिच्यामागून तीन वर्षांनी जन्मलेला चुलतभाऊ आता तिच्याच वयाचा आहे, त्यातून तिच्या जन्मतिथीची नोंद बाहेरच्या घटिकांत, आणि खोलीतल्या घटिका मोजणारा एकमेव माणूस तिचा आजोबा. गावपंच कुणाची गणती धरतील? या दाव्यावर दुसरी कथा लिहायला घेतली आहे. त्यासाठी कंपमताला तिसरा नियम लागणार, आणि तो काय असावा यावर काका आणि सर यांचं अजून एकमत झालेलं नाही.